सोवळ्यातला क्न्योडल

व्हिएन्नाला मुलाकडे निघाले तेव्हा सामानात मोदकाची दोन किलो पिठी होती. आंबेमोहर तांदूळ तीनदा धुऊन, पंच्यावर पसरून, दोन दिवस सावलीत वाळवलेला. गल्लीतल्या गिरणीत बारीक दळून आणला, घरी वस्त्रगाळ केला आणि साड्यांच्या घड्यांत गुंडाळून नेला. त्या वजनापायी एक शाल आणि दोन पुस्तकं घरीच राहिली. सुनेनं पिशवी उघडून वास घेतला, "किती छान" म्हणाली, आणि मग जरा अडखळत विचारलं, "आई, हे कुठे दळलं?"

"गिरणीत."

"त्या गिरणीत गहूही दळतात का?"

पुण्यातल्या गिरणीत दिवसभर दुसरं दळतात तरी काय! मी "तांदळावर तांदूळ दळा" असं बजावून दळून घेतलं होतं. म्हणजे माझ्या आधी कुणाचा तरी तांदूळ पडलेला होता. पण त्याच्या आधी गहू होताच. दगडांच्या खाचांत, खालच्या कापडी नळीत, गिरणीवाल्याच्या भुवयांवरसुद्धा गव्हाचं पीठ असतं. सुनेनं पिशवी नीट बांधली, सगळ्यात वरच्या फळीवर मुलाच्या कॉफीशेजारी ठेवली, आणि साबणानं हात धुतले.

ते हात धुणं माझ्या ओळखीचं होतं. त्याबद्दल पुढे.

नातीला चार वर्षांची असताना सीलिएक निघाला. वर्षभर पोट फुगलेलं, वजन अडलेलं, सदानकदा किरकिर. मग रक्ताची तपासणी झाली आणि नंतर दुर्बीण घालून आतड्याचा कण काढला. गहू, जव, राय या धान्यांतलं ग्लूटेन पोटात गेलं की शरीराची संरक्षक फौज आपल्याच लहान आतड्यावर चालून जाते. आतड्याच्या आतली मखमल झडून सपाट होते आणि खाल्लेलं अंगी लागत नाही. यावर औषध नाही, जन्मभर पथ्य आहे. आणि पथ्यही आपल्या मधुमेहासारखं 'आज सणाचा दिवस आहे, एखादा खा' या जातीचं नव्हे. किलोमागे २० मिलिग्रॅमपेक्षा जास्त ग्लूटेन असलं तर त्या पदार्थावर ग्लूटेनमुक्त असं लिहिता येत नाही. युरोपातही हाच नियम आहे आणि भारतातही.

गुन्हेगार गहू आहे हे कळायलाही बराच काळ गेला. १९२४ साली सिडनी हास नावाच्या अमेरिकन डॉक्टरनं अशा मुलांना केळ्यांवर ठेवलं, मुलं सुधारली, आणि श्रेय केळ्यांना गेलं. केळी बिचारी निरपराध होती एवढंच. खरं काम पाव बंद केल्यानं झालं होतं. हॉलंडमधले बालरोगतज्ज्ञ विलेम डिके यांना तीसच्या दशकातच गव्हाचा संशय होता. १९४४-४५ च्या हिवाळ्यात जर्मनांच्या ताब्यातल्या हॉलंडमध्ये अन्नान्नदशा झाली, पाव दिसेनासा झाला. बाकीची माणसं खंगत असताना ही मुलं मात्र बरी दिसू लागली, आणि पाव परत आला तशी पुन्हा आजारी पडली. डिके यांचा प्रबंध १९५० साली आला. दुष्काळात बाळसं धरणारी मुलं! हे वाचलं त्या रात्री मला बराच वेळ झोप लागली नाही.

निदान झाल्याचा फोन आला तेव्हा मी मात्र निर्धास्त होते. म्हटलं, त्यात काय! आपल्याकडे उपासाचं अख्खं स्वयंपाकघर आहे. वरीचे तांदूळ, राजगिरा, शिंगाडा, साबुदाणा. यात गहू कुठे आहे? पोरीला रोज एकादशी समजायचं. नातीला पुढे हे समजावून सांगितलं तर ती म्हणाली, "पण उपास म्हणजे न खाणं ना? मी तर खाते." तिच्या आईनं माझी उपासाची बुद्धी आणखी खाली आणली: ही पिठंही त्याच गिरणीत दळलेली असतात. आणि मी हौसेनं नेलेली हिंगाची डबी? शुद्ध हिंग फार उग्र, म्हणून तो बहुधा पिठात मिसळून विकतात. डबीवर बारीक अक्षरांत 'गव्हाचं पीठ' छापलेलं होतं. जन्मभर ती डबी वापरून मी ते कधी वाचलं नव्हतं. वाचलं ते तिला दोन दिवस वरणभात खाऊ घातल्यावर. तिसऱ्या दिवशी तिचं पोट दुखलं. हिंगानं दुखलं की आणखी कशानं, हे कोण सांगणार? डबी मात्र त्याच दिवशी केराच्या टोपलीत गेली.

व्हिएन्नात गोड पदार्थांना 'मेलश्पाइझे' म्हणतात. शब्दाचा सरळ अर्थ पिठाचं खाणं. आपण 'गोडधोड' म्हणतो, त्यात निदान शेवया-पुरणपोळीच्या शेजारी खिरीला आणि श्रीखंडाला जागा आहे. इथे शब्दातच पीठ. या पिठाच्या खाण्यातला लाडका प्रकार म्हणजे फळ पोटात घेतलेला उकडलेला गोळा, क्न्योडल. उन्हाळ्यात जर्दाळूचा, आणि ऑगस्ट सरता सरता आलूबुखाराचा. एकोणिसाव्या शतकात बोहेमियातून व्हिएन्नात स्वयंपाकाला आलेल्या बायकांनी हे पिठाचे प्रकार शहराच्या अंगवळणी पाडले असं म्हणतात. म्हणजे व्हिएन्नाचा हा अभिमान मुळात घरचा नव्हेच. क्न्योडल तिथे जेवणानंतर खात नाहीत, जेवण म्हणूनच खातात, आणि कुणी किती खाल्ले याची मोजदाद होते. हे ऐकून मला एकदम घरी आल्यासारखं वाटलं.

विहीणबाई वाल्डफियर्टेल भागातल्या खेड्यातल्या. त्यांच्या हातचे आलूबुखाराचे क्न्योडल नातीला आठवत होते. आजार निघण्याआधी तिनं ते खाल्ले होते. त्यानंतर विहीणबाईंनी बाजारच्या ग्लूटेनमुक्त पिठाचे दोनदा करून पाहिले. एकदा ते पाण्यात विरघळले, एकदा रबरासारखे झाले. मग त्यांनी करणंच सोडलं. स्वतःसाठीसुद्धा. पोरीसमोर कसे खायचे?

२०२४ साली गणपती ७ सप्टेंबरला होते. त्याच सुमारास तिथे आलूबुखारांचे ढीग लागलेले. जर्मनमध्ये 'त्स्वेच्के' म्हणतात तो आलूबुखाराचा लांबट भाऊ: निळसर जांभळी साल, तिच्यावर पांढरी भुकटी, आत पिवळट गर, आणि बी गराला धरून बसत नाही, सहज सुटते. मला वाटलं, मोदकाची पारी आणि हे फळ. तांदळात ग्लूटेन नसतंच. आपली उकड म्हणजे तयार उत्तर घरात असताना लोक रबर खात बसले होते.

इतकं सोपं अर्थातच नव्हतं. गव्हाची कणीक ताणली की ताणली जाते, कारण ग्लूटेनचं जाळं तिला धरून ठेवतं. तांदळाच्या पिठाला धरायला कुणी नाही. म्हणून आपण उकळत्या पाण्यात ते उकडतो: पिष्टाचे कण पाणी पितात, फुगतात, चिकट होतात, आणि त्या चिकटपणावर पारी उभी राहते. पिठी जुनी असली, पाणी कमी पडलं, किंवा उकड निवल्यावर मळायला घेतली, तर पारी कळ्या पाडतानाच भेगाळते. आणि माझी आंबेमोहर पिठी तर फळीवर वाळीत पडलेली.

सून आशियाई दुकानातून पीठ घेऊन आली. मी म्हटलं, थोडं चिकट तांदळाचं पीठही आण, पारीला लवचीकपणा येईल. झालं, घरात धावपळ. जर्मनमध्ये चिकट तांदळाच्या पिठाला 'क्लेबराइसमेल' म्हणतात, आणि ग्लूटेनला 'क्लेबर' हाही शब्द आहे. इंग्रजी पाकिटावर तर 'ग्लुटिनस' असं ठसठशीत छापलेलं. विहीणबाईंनी पाकीट हातातून काढूनच घेतलं. चिकट तांदळात ग्लूटेनचा कणही नसतो, नाव फक्त चिकटपणावरून पडलंय, हे त्यांना पटवायला मुलगा, सून, एक फोन आणि पाकिटावरची आडवी रेघ मारलेली गव्हाची ओंबी, इतकी मंडळी लागली. स्वयंपाकाला भाषा लागत नाही असं जे म्हणतात त्यांनी दोन विहिणींबरोबर एक सकाळ काढावी.

आता ते हात धुणं.

मी १९७७ साली लग्न होऊन वाईला आले. सासूबाईंचं सोवळं कडक. गणपतीच्या नैवेद्याचे मोदक त्या उंच वलणीवर काठीनं वाळत घातलेलं लुगडं नेसून करायच्या, आणि स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेर आमचं सगळ्यांचं जग. पिठी घरच्या जात्यावर दळायला एक बाई यायची. ती ओसरीवर बसून दळायची, सुपात पीठ भरून उंबऱ्याशी ठेवायची. कोरड्या पिठाला विटाळ नव्हता. पाणी लागलं, की सोवळं सुरू! त्याच पिठीची उकड झाली की तिच्यावर त्या बाईची सावली पडलेली चालायची नाही. आणि मोदक झाले की तिच्या ओंजळीत वरून टाकायचे. दुसऱ्या वर्षी मी सासूबाईंना म्हटलं, मी सोवळं नेसणार नाही, आणि त्या बाईला ताटात वाढणार. वाढलं. सासूबाई माझ्याशी दिवाळीपर्यंत बोलल्या नाहीत. या गोष्टीचा मला आजवर अभिमान होता, उगाच नम्रता कशाला दाखवू.

आणि आता व्हिएन्नाच्या दहाव्या प्रभागात मी वेगळं पातेलं, वेगळी पळी, वेगळं फडकं घेऊन उभी होते. सकाळी पावाला लोणी लावून आलेला मुलगा ओट्याजवळ आला, तर माझ्या तोंडून निघून गेलं, "थांब, शिवू नकोस!" हुबेहूब सासूबाईंचा आवाज. नातीनं विचारलं, "आजी, काय शिवायचं नाही?" तिला शिवणं म्हणजे सुईदोरा एवढंच माहीत. मुलगा हसत सुटला. मला हसू आलं नाही.

त्याच संध्याकाळी माझ्या मावसभावाशी फोनवर बोलताना हे सांगितलं. तो खूश! "बघ, मी म्हणत नव्हतो? सोवळ्यात शास्त्र होतं." पन्नास वर्षांचा हिशेब चुकता झाल्यासारखा आवाज. मी त्याला एवढंच म्हटलं, की शास्त्र असतं तर तो विटाळ साबणानं धुऊन गेला असता. गव्हाचा चुरा गरम पाणी आणि साबणानं जातो. त्या बाईच्या हाताला असं काय होतं, जे कुठल्याच साबणानं जाणार नव्हतं? माझं पातेलं मुलाला दूर ठेवत नाही, त्याच्या बोटावरच्या चुऱ्याला ठेवतं. हात धुऊन तो पुन्हा ओट्याशी उभा राहिला आणि त्यानं नारळ खवला. भावानं विषय बदलला. पण खरं सांगायचं तर फोन ठेवल्यावरही तो आवाज माझ्या घशात तसाच होता. इतकी वर्षं तो कुठे बसला होता?

त्या सकाळचा पहिला घाणा विहीणबाईंच्या पद्धतीनं. उकडीची पारी, आत बी काढलेलं फळ, बीच्या जागी गुळाचा खडा, गोल वळून उकळत्या पाण्यात. पाच मिनिटांत पातेल्यात तांदळाची पेज आणि तिच्यात तरंगणारी जांभळी फळं. विहीणबाईंनी माझ्याकडे पाहिलं नाही, हा त्यांचा चांगुलपणा.

दुसरा घाणा माझ्या पद्धतीनं, चाळणीवर, वाफेवर. मी मोदकासारख्या कळ्या पाडल्या. पण नारळाचं सारण कळ्यांबरोबर आत झुकतं, दाबलं की दबतं. फळ झुकत नाही. आणि वाफ लागताच त्याला पाझर फुटला. दहाव्या मिनिटाला झाकण काढलं तर तळाला चिरा, चाळणीखाली जांभळं पाणी.

इथे विहीणबाईंनी त्यांची पिशवी उघडली. त्यांच्या भागात करडी खसखस पिकते आणि ती दळायला घरोघर छोटी हातगिरणी असते, टेबलाच्या कडेला पेचानं बसवायची. त्यांची त्यांच्या आईकडून आलेली. त्यांनी ती टेबलाला घट्ट केली आणि सून काही विचारायच्या आतच जर्मनमध्ये काहीतरी ठामपणे म्हणाल्या. मुलानं भाषांतर केलं: "या गिरणीतून खसखशीशिवाय कधीही, काहीही गेलेलं नाही." गेलंही नसावं, तेलकट बियांच्या त्या गिरणीत धान्य घालून ती कोण बिघडवेल? खसखशीवर खसखस! मी दांडा फिरवायला मागितला. ओली, करडी, किंचित कडवट वासाची भरड खाली पडत होती. आपण मोदकाच्या सारणात चमचाभर पांढरी खसखस भाजून घालतो. या बायका ती वाटीवाटीनं खातात.

फळाला आतून-बाहेरून त्या भरडीचा आणि बदामाच्या कुटाचा लेप दिला. पाझर त्यानं पिऊन घेतला. दुसरी सुधारणा विहीणबाईंची, आणि मला ती मान्य करायला वेळ लागला: गूळ नको, साखरेचा चौकोनी खडा. गूळ मुळात ओलसर, फळात बसताक्षणी पाणी सोडायला लावतो. खडा घट्ट दाबलेला, तो सावकाश विरघळतो. तोवर पारी शिजून तयार. हा साखरेचा खडाही त्यांच्याच मुलखातला, बरं का. १८४३ साली मोरावियातल्या दाचित्से गावी याकोब क्रिस्टोफ राड या साखर कारखान्याच्या व्यवस्थापकानं तो काढला. साखरेची ढेप फोडताना त्याच्या बायकोचं बोट कापलं म्हणून, अशी गोष्ट सांगतात. आपण गुळाची ढेप अजून बत्त्यानं फोडतो आणि बोटं सांभाळतो.

प्रमाण असं ठरलं. एक वाटी तांदळाची पिठी, त्यातले दोन चमचे काढून तेवढंच चिकट तांदळाचं पीठ. एक वाटी पाणी, चिमूट मीठ, चमचाभर तूप. पाणी खळखळलं की पीठ घालून ढवळायचं, झाकण ठेवून दोन वाफा, आणि हात पोळत असतानाच मळायचं. पारी मोदकाहून जरा जाड, तळाशी तर नक्कीच. कळ्यांचा हट्ट सोडून गोल वळायचा, पण वर एक लहानशी शेंडी काढायची. तेवढी मी सोडली नाही. वाफेवर बारा मिनिटं.

क्न्योडल शेवटी लोण्यावर परतलेल्या पावाच्या चुऱ्यात घोळवतात. तो चुरा तर इथे साक्षात विषच. मुलानं खवलेला नारळ मी तुपावर तांबूस होईतो परतला, साखर आणि दालचिनी घातली, आणि गोळे त्यात लोळवले. परतताना लक्षात आलं, की मोदकाच्या पोटातलं खोबरं आता बाहेर आलंय आणि बाहेरचं फळ पोटात गेलंय. दालचिनी विहीणबाईंची. वेलदोड्याला त्या नको म्हणाल्या, आणि चव घेतल्यावर मला त्यांचं पटलं.

नैवेद्याला एकवीस हवेत. अकरा नारळ-गुळाचे, खऱ्या कळ्यांचे, आणि दहा हे. हळदीचं पान कुठून मिळणार? केळीच्या गोठवलेल्या पानावर ठेवले. गणपतीला आलूबुखार चालतो का, असं मुलानं विचारलं. मी म्हटलं, ज्याच्या हातात आपण नेहमी गोडच ठेवतो त्याला आज एक आंबट घास मिळाला तर हरकत नसावी. फळ खरंच आंबट होतं. सालीकडे फारच. पारीचा तांदळी मऊपणा, मग खसखशीची किरकिर, आणि मग एकदम तो आंबट-गोड चटका. मोदक म्हणून खाल तर पहिल्या घासाला फसल्यासारखं वाटेल. दुसऱ्या दिवशी ते खाऊ नयेत. पारी कडक होते आणि फळ रडत बसतं.

जेवताना दोन्ही प्रकार मिळून मोजणी सुरू झाली. नातीनं सहा खाल्ले. सहाव्यानंतर तिनं विहीणबाईंना जर्मनमध्ये काहीतरी विचारलं, आणि त्यांनी उत्तर न देता चष्मा काढून पुसला. मी मुलाकडे पाहिलं. तो म्हणाला, "ती विचारतेय, ओमा, तू का खात नाहीस?" मग विहीणबाईंनी सात खाल्ले.

माझी दोन किलो पिठी व्हिएन्नातच राहिली. मुलगा तिची घावनं करतो, त्याच्या वेगळ्या तव्यावर, लेक खेळायला बाहेर गेली की. मग ओटा पुसतो. पिठीचा डबा अजून वरच्या फळीवर कॉफीशेजारी आहे. निघायच्या आदल्या दिवशी नातीनं त्यावर एक चिठ्ठी चिकटवली: आडवी रेघ नसलेली गव्हाची ओंबी, आणि खाली वाकड्या अक्षरांत 'आजीचं पीठ'.